जानकू टेमगिऱ्याची बंदूक

२०२५ सालच्या जानेवारीची २६ तारीख, सकाळचे सात वाजून चाळीस मिनिटे. धामणदऱ्याच्या शाळेच्या दर्शनी भिंतीवर टांगलेल्या फ्लेक्ससमोर उभे राहून मी एकतीस चुका मोजल्या. पहिल्या वेळी अठ्ठावीस भरल्या होत्या. झेंडावंदनाला वीस मिनिटे होती, म्हणून पुन्हा मोजल्या आणि तीन आणखी सापडल्या.

फ्लेक्सवर एकोणीस माणसे होती. एकोणिसांच्याही हातांत बंदुका होत्या, आणि त्या बंदुका पहिल्या महायुद्धानंतर किमान साठ वर्षांनी बनलेल्या होत्या. त्यांपैकी दोन बंदुकांना दुर्बीण होती. खाकी पगड्यांच्या जागी तुरा काढलेले भगवे फेटे होते. पायांना गुंडाळायच्या पट्ट्या जाऊन गुडघ्यापर्यंतचे चकचकीत बूट आले होते. सर्वांच्या मिशा एकाच साच्यातून काढल्यासारख्या. मागे इराकातल्या बसऱ्याच्या नदीकाठची खजुरीची झाडे मी काढली होती, तिथे आता एक डोंगरी किल्ला उभा होता. मध्यभागी, इतरांपेक्षा दीडपट उंच असा, जानकू टेमगिरे छाती काढून उभा होता आणि त्याच्या उजव्या हाताला सहा बोटे होती.

खाली उजव्या कोपऱ्यात बारीक अक्षरांत लिहिले होते: ‘चित्रकार – सोपान वाव्हळ’.

ही एकतिसावी चूक.

मागची हकिगत थोडक्यात सांगतो. आंबेगाव तालुक्यातल्या आमच्या या गावातून १९१४ ते १९१९ या काळात एकोणीस माणसे लढाईवर गेली. शाळेच्या ओट्यात बसवलेल्या संगमरवरी पाटीवर तेवढाच आकडा आहे, नावे नाहीत. नावे मी शोधली. पेन्शनचे कागद, पलटणीतून सुटल्याचे दाखले, ट्रंकांच्या तळाशी राहिलेली पदके, असे सहा वर्षे जमवत गेलो. पुढे ग्रामपंचायतीने ठराव केला की, या माणसांचे चित्र काढून ते टाइल्सवर भाजून शाळेच्या भिंतीत कायमचे बसवावे. चित्राला मला चौदा महिने लागले. नोव्हेंबरात मी ते पंचायतीच्या ताब्यात दिले. टाइल्सच्या कारखान्याला पाठवण्याआधी गावाला एकदा नमुना दाखवू, असे ठरले होते. त्या भिंतीवरचा फ्लेक्स हाच तो नमुना.

जानकूंचे पणतू बाळासाहेब टेमगिरे मोटारसायकल लावून माझ्या शेजारी येऊन उभे राहिले. त्यांच्या पत्नी वैजयंतीताई गावच्या सरपंच आहेत. सह्या त्या करतात, बोलतात बाळासाहेब.

“काय तात्या, कसा झालाय बोर्ड?”

“कुणी केलं हे?”

“तुमचंच हाय की. जरा भारी करून घेतलं. नारायणगावच्या फ्लेक्सवाल्या समर्थनं एका दुपारात केलं. तुमाला चौदा महिनं लागलं व्हतं.”

“माझ्या चित्रातलं खेचर कुठं आहे?”

“खेचराला कुठं टाइल लावता राव. ओझरला जाणारं पावणं हितं चहाला थांबत्यात. गावाला खेचरवाडी म्हनत्याल.”

“जानकू टेमगिरे खेचरांच्या तुकडीत होते. त्यांच्या सुटकेच्या दाखल्यावर सामानाची यादी आहे. घोंगडी दोन, दोर तीन, तोबरे तीन. बंदूक नाही.”

“आमच्या घरच्या फोटूत हाय.”

“फोटोतली लाकडाची आहे.”

बाळासाहेबांनी इकडेतिकडे पाहिले आणि आवाज खाली आणला. “तात्या, खंडेनवमीला आमी त्या फोटूला हळदकुकू लावतो. पयलं त्याला, मंग इळ्याकोयत्याला. तुमी लाकूड म्हनताय.”

“लाकूड आहे म्हणून लाकूड म्हणतो.”

“अन् तुमच्या चित्रात तुमच्या बहिरूआज्याला बरी खरी बंदूक मिळाली. वर सगळ्यांच्या पुढं उभा. घरचा मानूस म्होरं अन् आमचा आज्या गावाकडं पाठ करून. हे कुठल्या कालिजातलं माप हाय?”

उत्तर माझ्याकडे होते, पण झेंडावंदनाची रांग लागली होती आणि मुले आमच्याकडे पाहत होती. फ्लेक्सवर माझे आजोबा बहिरू वाव्हळ आता मागच्या ओळीत डावीकडून शेवटचे होते. त्यांच्या बाहीवरच्या नाईकपदाच्या दोन पट्ट्या गेल्या होत्या.

घरी आल्यावर समर्थला फोन केला. मुलगा नम्रपणे बोलला. “काका, मी काय बी केलं न्हाई. फोटो टाकला अन् लिहिलं, वीर सैनिक, जोश पायजे. बाकी त्यानंच केलं.”

“तो कोण?”

“ॲप.”

माझे काम काय आहे, ते इथे सांगितले पाहिजे. त्याशिवाय माझा राग केवळ म्हाताऱ्याचा तिरसटपणा वाटेल. १९७५ साली मी तंत्रनिकेतनातून यंत्र अभियांत्रिकीची पदविका घेतली आणि पिंपरीच्या एका कारखान्यात ड्राफ्ट्समन म्हणून लागलो. अकरा वर्षे गिअर, शाफ्ट आणि बेअरिंगांची चित्रे काढली. एकदा एका निवृत्त कर्नलसाहेबांनी तोड्याच्या जुन्या बंदुकीचा उभा छेद माझ्याकडून काढून घेतला. तो त्यांच्या पुस्तकात छापला गेला. तो पाहून एका परदेशी प्रकाशकाने पत्र पाठवले. तेव्हापासून अडतीस वर्षे मी एकच काम केले: जुन्या सैन्यांची चित्रे. कोणत्या पलटणीच्या शिपायाची पगडी किती हात लांब, पट्ट्याला बकले किती, काडतुसांची पिशवी कोणत्या बाजूला, ओझ्याच्या जनावराच्या खोगिराला गाठ कोणती. चारशे बारा चित्रे छापली गेली. जगात असे काम करणारी माणसे फार नाहीत. त्यांच्यात एकमेकांची चूक काढण्यासारखा दुसरा आनंद नसतो. माझ्या चारशे बारा चित्रांत त्यांना नऊ चुका सापडल्या आहेत. त्या नऊही मला पाठ आहेत.

हे चित्रकाराचे नव्हे, मिस्त्रीचे काम आहे, असे मला अनेकांनी सुनावले. एका सिनेमाच्या कलादिग्दर्शकाने सरदारांना चामड्याची चिलखते चढवायला सांगितली, तेव्हा मी आगाऊ घेतलेली रक्कम परत केली आणि पहाटेच्या एसटीने निघून आलो. एका प्रकाशकाने तलवारी थोड्या लांब करा म्हणून सुचवले. त्याला मी विचारले, किती, आणि कोणत्या वस्तुसंग्रहालयातल्या? पुन्हा त्याचे पत्र आले नाही.

माझा नियम एका ओळीचा आहे. कागद नाही तर रेघ नाही. प्रत्येक चित्राबरोबर मी एक आधारवही ठेवतो. चित्रातल्या प्रत्येक वस्तूला क्रमांक, क्रमांकापुढे आधार, आधारापुढे ‘ग्राह्य’ किंवा ‘अग्राह्य’. धामणदऱ्याच्या चित्रासाठी मी पिंपरी पेंढारजवळच्या एका वीटभट्टीवर जाऊन खेचराची छाती, पाठ आणि कान टेपने मोजले होते. ज्या माणसाच्या चेहऱ्याला आधार मिळाला तो समोरून काढला, ज्याच्या मिळाला नाही तो पाठमोरा. नऊ समोरून, दहा पाठमोरे. बंदुका आठ, कारण आठच जण पलटणीत शिपाई होते. उरलेल्यांत खेचरवाले, जखमींना उचलणारे डोलीवाले, आचारी, हमाल. लढाई त्यांच्याही पाठीवरून गेली होती. बहिरू वाव्हळ पुढे होते, कारण एकोणिसांत नाईक ते एकटेच.

आणि या एकाच ठिकाणी गावाला अडचण होती. महार पलटणीतला बहिरू नाईक, आणि टेमगिऱ्यांचा जानकू खेचर हाकणारा. कागदावर असेच होते. शंभर वर्षे कुणी कागद वाचला नव्हता, म्हणून कुणाला अडचण नव्हती.

त्या दिवशीच्या ग्रामसभेत बाळासाहेबांनी मांडले की, फ्लेक्सवरचेच चित्र टाइल्सवर घ्यावे. मी विरोध केला. तासभर आरडाओरडा झाला. शेवटी निर्णय एक मेच्या ग्रामसभेवर टाकण्यात आला. उठताना बाळासाहेब सर्वांना ऐकू जाईल अशा बेताने म्हणाले, “तात्यांनी तेवढं लाकूड सिद्ध करून दावावं. न्हाई तर हात जोडावं.”

मी ते आव्हान घेतले.

तो फोटो मी आधी एकदा पाहिला होता, दोन वर्षांपूर्वी, बाळासाहेबांच्या दारात उभ्याउभ्या, दोन मिनिटे. आता मला तो भिंगाखाली हवा होता. मंचरच्या बाजाराचा दिवस साधून, बाळासाहेब घरी नसतील अशा वेळी, मी टेमगिऱ्यांच्या घरी गेलो. दहापट मोठे दाखवणारे भिंग, पट्टी आणि वही बरोबर होती. रागही होता. हे घर मला नवीन नव्हते. विहारासाठी जागा मागायला माझे वडील गेले, तेव्हा सरपंच असलेल्या बाळासाहेबांच्या वडिलांनी त्यांना सलग तीन दिवस याच ओसरीखाली उन्हात उभे केले होते. चौथ्या दिवशी निरोप पाठवला की, पुढल्या महिन्यात या.

दार सखूबाईंनी उघडले. बाळासाहेबांच्या या आत्या, चौऱ्याऐंशी वर्षांच्या. नवरा गेल्यावर माहेरी आल्या, त्याला पन्नास वर्षे झाली.

“बाळ्या न्हाई घरी,” त्या म्हणाल्या.

“माहीत आहे. म्हणूनच आलो.”

त्या हसल्या. “मंग या. चोरासारकं आला तर बसून तरी घ्या.”

मी काम सांगितले. त्यांनी खुर्चीवर चढू नका म्हणून मला दटावले आणि सुनेला हाक मारून फोटो खाली काढवला. वैजयंतीताईंनी तो पदराने पुसून माझ्यासमोर ठेवला आणि दाराशी उभ्या राहिल्या.

भिंगाखाली दोन मिनिटांत काम झाले. बंदुकीला काडतूस भरायची बोल्टची मूठ नव्हती. घोड्याभोवतीची कडी चाकूने कोरलेली होती. नळीच्या तोंडाला भोक नव्हते, तिथे काळ्या रंगाचा ठिपका दिलेला होता. फोटो काढायला येणाऱ्या शिपायांच्या हातात द्यायला स्टुडिओवाले अशी लाकडे ठेवत. मी एकेक गोष्ट वहीत लिहिली आणि लिहिता लिहिता मोठ्याने वाचलीही. मला ती त्या घरात वाचायचीच होती.

सखूबाईंनी सगळे ऐकून घेतले. “झालं?”

“झालं. लाकूड आहे.”

“ते आमाला ठावं हाय की. आज्यानंच सांगितलं व्हतं मला. फोटूवाला म्हनला, खेचर आत आणता येनार न्हाई, हे धर.”

मी पेन खाली ठेवले. “मग खंडेनवमीला पूजा कशाची करता?”

“ते माझ्या भावानं काढलं. विलेक्शनला उभा व्हता तवा. बंदूकवाल्याचा नातू म्हनून मतं मागितली, मंग दर साली कुकू लावनं आलं. आज्या असता तर त्याच लाकडानं हानलं असतं.”

मग त्या मला आतल्या खोलीत घेऊन गेल्या. कोनाड्यात मातीचे एक जनावर होते, वितीएवढे, उन्हाने तडकलेले. लांब कान, शिंगे नाहीत. पोळ्याला या घरी मातीचे चार बैल होतात आणि हे पाचवे. बैल ओढ्यात सोडतात, हे वर्षभर कोनाड्यात राहते आणि पुढच्या पोळ्याला त्याच्या जागी नवे येते. घरातली मुले त्याला भुंडा बैल म्हणतात.

“भुंडा बैल न्हाई त्यो,” सखूबाई म्हणाल्या. “आज्या सोता करायचा. सरकारनं तीन खेचरं दिली व्हती त्याला. दोन तिकडंच मेली. एक दोर वडून पळालं, तवा आज्याची दोन बोटं गेली दोरात. तरी त्यालाच धरून थंडीत निजायचा. सुटला तवा खेचर परत द्यावं लागलं. कागदावर आंगठा दिला अन् रडला म्हनं. घरात कोन मेलं तरी रडला न्हाई.”

“बोटं कोणत्या हाताची?”

“उजव्या. शेवटची दोन.”

मी बाहेरच्या खोलीत परत आलो आणि भिंग पुन्हा फोटोवर धरले. लाकडाला धरलेल्या उजव्या हाताला तीनच बोटे होती. पहिल्या वेळी मी बंदूक पाहत होतो. हात पाहिलाच नव्हता.

सखूबाई माझ्या खांद्यामागे उभ्या होत्या. “वाव्हळमास्तर, बंदूक खोटी असल. तोंड तर खरं व्हतं ना. मंग तुमी आज्याला पाठमोरा का काढला?”

मास्तर मी कधीच नव्हतो, पण चूक दुरुस्त करायची इच्छा झाली नाही. आधार अग्राह्य होता, असे काहीतरी मी म्हणालो. तो शब्द त्यांना कळला नाही, आणि तो न कळण्यासारखाच होता. त्या म्हणाल्या, “कागदाला इचारायला गावभर फिरला तुमी. या दारातनं आत आला न्हाई.”

दारातल्या वैजयंतीताईंनी नजर खाली केली. मी वही मिटली आणि निघालो.

घरी माझी मुलगी यशोधरा आली होती. ती पिंपळवंडीच्या शाळेत गणित शिकवते आणि सुट्टीच्या दिवशी माझ्या हस्ताक्षरातल्या वह्या संगणकावर उतरवते. मी रागाने सगळे सांगितले. लाकूड सिद्ध झाले हेही सांगितले आणि म्हातारीने वर मलाच जाब विचारला हेही.

“प्रश्न बरोबर आहे पण त्यांचा,” यशोधरा म्हणाली.

“आधारच खोटा असेल तर त्यातला चेहरा कसा घ्यायचा?”

ती उठली आणि धामणदऱ्याची आधारवही घेऊन आली. तिने दोन पाने उघडून माझ्यासमोर ठेवली.

क्रमांक चार. बहिरू वाव्हळ. ‘स्टुडिओतील छायाचित्र. मागील खांब व हातातील छडी स्टुडिओची, वगळली. चेहरा ग्राह्य.’

क्रमांक तेरा. जानकू टेमगिरे. ‘स्टुडिओतील छायाचित्र. बंदूक लाकडी, स्टुडिओची. आधार अग्राह्य.’

दोन्ही नोंदी माझ्या हाताच्या, एकाच शाईच्या. मी बहिरूआजोबांचा फोटो कपाटातून काढला. मागच्या रंगवलेल्या खांबावर वेल होती आणि वेलीच्या तिसऱ्या पानाला तडा होता. टेमगिऱ्यांच्या घरी भिंगाखाली तोच खांब मी तासाभरापूर्वी पाहिला होता. तोच तडा. मी त्याची वहीत नोंदही केली होती, कारण नोंद करण्याची सवय आहे. फक्त तिचा अर्थ लावला नव्हता.

“बाबा, छडी वगळता आली तर बंदूकही वगळता आली असती,” यशोधरा म्हणाली. वर्गात फळ्यासमोर बोलते, त्याच आवाजात.

अडतीस वर्षे मी लोकांच्या चुकांवर चिडत आलो. त्या संध्याकाळी ज्याच्यावर चिडायचे तो माणूस माझ्याच टेबलावर माझीच वही घेऊन बसला होता. मी नियम मोडला होता आणि नियमाच्याच भाषेत तो मोडला होता, म्हणून दोन वर्षे कुणाला दिसले नव्हते. कारण मला ठाऊक होते. ते आधारवहीत लिहिता येण्यासारखे नव्हते. माझ्या वडिलांना ज्या ओसरीखाली उभे केले, त्या घराण्याची पाठ मला शाळेच्या भिंतीवर हवी होती. कायमची, भाजलेल्या टाइल्समध्ये.

ज्यांनी उन्हात उभे केले ते जानकू नव्हेत. ते तेव्हा हयातही नव्हते.

यामुळे बाळासाहेबांचा फ्लेक्स बरोबर ठरत नव्हता. सहा बोटे ती सहाच, आणि बहिरू नाईकांच्या पट्ट्या कुणी काढल्या हेही मी विसरलो नव्हतो. फक्त आता मला दोन गोष्टींचा राग होता, आणि त्यांतली एक दुरुस्त करणे माझ्या हाती होते.

तेराव्या माणसाचे चित्र नव्याने काढायला एक्केचाळीस दिवस लागले. जानकू टेमगिरे समोरून, चेहरा छायाचित्राप्रमाणे, डावा हात खेचराच्या मानेवर, उजव्या हाताच्या तीन बोटांत दोर. बोटांच्या नोंदीपुढे आधार म्हणून लिहिले: ‘छायाचित्र, व सखूबाई यांचे तोंडी सांगणे.’ तोंडी सांगण्याच्या आधारावर मी आयुष्यात प्रथमच रेघ काढली.

एक मेला सकाळी दहा वाजता शाळेच्या पत्र्याच्या शेडमध्ये ग्रामसभा भरली. हजेरीवहीत दोनशे एक सह्या आणि अंगठे होते. पुरुष डावीकडे, बायका उजवीकडे भिंतीला लागून. टेबलामागे वैजयंतीताई, त्यांच्या शेजारी ग्रामसेविका साधना मॅडम, आणि टेबलापुढे खुर्ची उलटी टाकून बाळासाहेब.

मी आधी माझी चूक सांगितली. क्रमांक चार आणि क्रमांक तेरा, दोन्ही नोंदी वाचून दाखवल्या. शेडमध्ये कुजबुज झाली. मागून कुणीतरी म्हणाले, “तात्या चुकलं म्हनत्यात, लिहून ठिवा मॅडम.” लोक हसले. मग मी नवे चित्र उघडले आणि हसणे थांबले.

बाळासाहेब चित्राजवळ गेले. बराच वेळ त्यांनी तोंडाकडे पाहिले. ते तोंड त्यांचेच होते, तीस वर्षांनी तरुण.

“तोंड झ्याक आलंय,” ते म्हणाले. “आता त्येवढं खेचर काढा अन् बंदूक द्या. मी फ्लेक्स उतरवतो. तुमचं बी राहिलं, आमचं बी राहिलं.”

“बंदूक नव्हती.”

“तुमच्या आज्याला हाय.”

“ते शिपाई होते.”

“म्हंजी आमी खेचरं हाकायची अन् तुमी पलटणीत. आज हे भितीवर लिहायचं.”

जे सगळ्यांच्या मनात होते ते बोलले गेले होते. मी म्हणालो, “बाळासाहेब, भिंतीवर जे झालं तेवढंच लिहायचं. तुमच्या पणजोबांनी तीन जनावरं सांभाळली आणि दोन बोटं दिली. त्यांना त्याची लाज वाटली नाही. ती तुम्हाला वाटते. फोटोवाल्याचं लाकूड पुढं करून तुम्ही त्यांना लपवताय, गेली पन्नास वर्षं.”

“आवाज खाली, तात्या.”

“नाही करणार. माझे वडील या गावात आवाज खाली ठेवून तीन दिवस उभे होते.”

साधना मॅडमनी पेन टेबलावर वाजवले आणि मतदान घ्यायचे ठरले. हात वर करून. पंचायतीचा शिपाई गोरख मोजायला उठला. फ्लेक्सच्या बाजूचे हात, मग माझ्या चित्राच्या बाजूचे. उजवीकडच्या भिंतीपाशी तो गेलाच नाही. डावीकडेच दोन फेऱ्या मारून त्याने चिठ्ठी टेबलावर दिली आणि साधना मॅडमनी वाचली, “फ्लेक्ससाठी एकशे एकवीस, चित्रासाठी ऐंशी.”

बाळासाहेबांनी टाळी वाजवली.

मी मोजत होतो. मोजणे हा माझा धंदा आहे. “गोरख, बायकांचे हात तू कधी मोजलेस?”

“बाया घरटी धरल्यात की.” तो सहजपणे म्हणाला. “ज्येच्या घरचा बाप्या जिकडं, तिकडं त्येच्या बाया. दर टायमाला तसंच करतो.”

“दर वेळी?”

“हात मोजाय गेलं तर बाया लाजत्यात.”

गेली कित्येक वर्षे या गावाचे ठराव असे झाले होते. मी त्या सभांना हजर होतो आणि कधी विचारले नव्हते. “घरटी नाही,” मी म्हणालो. “डोकं एक, मत एक. पुन्हा मोजा.”

“झालं मतदान,” बाळासाहेब म्हणाले. “मॅडम, ठराव लिहा.”

साधना मॅडमनी त्यांच्याकडे पाहिले, मग अध्यक्षांच्या खुर्चीकडे. वैजयंतीताईंनी अडीच वर्षांत त्या खुर्चीतून एक वाक्य उच्चारल्याचे मला आठवत नाही. त्यांनी समोरचा माइक थोडा जवळ ओढला.

“परत मोजा,” त्या म्हणाल्या. “बायांचं हात येगळं. अन् मॅडम, तुमी सोता मोजा.”

“वैजयंती,” बाळासाहेब म्हणाले.

“अध्यक्ष मी हाय.”

साधना मॅडम उठल्या आणि उजवीकडच्या भिंतीपासून सुरुवात केली. फ्लेक्सचे हात मोजून झाले. मग चित्राचे. पहिल्या रांगेत सखूबाईंचा हात वर होता, काठीसकट.

“आत्या, हात खाली घे,” बाळासाहेब म्हणाले.

“दुखत न्हाई आजून.”

मोजणी संपायला बारा मिनिटे लागली. साधना मॅडमनी दोन्ही बाजूंची बेरीज केली, एकदा तपासली आणि ठरावाच्या वहीत आकडे लिहून वाचून दाखवले.

फ्लेक्ससाठी त्र्याण्णव. चित्रासाठी एकशे आठ.